उसनं

मुहर्रकच्या जुन्या गल्लीत, चहावाल्याच्या डोक्यावर
आमचं ऑफिस. माझं काम पगाराचं.
दोनशे अकरा नावं, प्रत्येक नावापुढे
व्हिसा, मेडिकल, तिकीट, खोली, गैरहजेरी.
वजा करत करत जे उरतं
त्याला पगार म्हणतात.

दापोलीला केळसकर सर फळ्यावर दोन रेघा काढत,
एक चढती, एक उतरती.
भेटतील तिथं खडूचा ठिपका देऊन म्हणत,
हा भाव.
मी मागच्या बाकावरून विचारलं,
सर, आणि मनातला?
वर्ग हसला. सरही हसले.
डस्टर मात्र माझ्या दिशेनंच आलं.

बाजाराला अदृश्य हात असतो, हेही त्यांनीच सांगितलं.
मला रोज पहाटे चारला कॅम्पच्या फाटकात
दिसतात ते हात.
येल्लप्पा मशीनवर अंगठा ठेवतो.
मशीन बाईच्या गोड आवाजात म्हणतं, पुन्हा प्रयत्न करा.
तो अंगठा पँटला पुसतो, फुंकर घालतो, पुन्हा ठेवतो.
पुन्हा प्रयत्न करा.
सिमेंटनं रेषा खाल्ल्यात.
मागे रांग खोळंबते, बसवाला हॉर्न देतो, येल्लप्पा तसाच चढतो,
आणि महिनाअखेर माझ्या पडद्यावर
तो सहा दिवस कामावर आलेलाच नसतो.
त्या सहा दिवसांत चढलेली भिंत
कुणी उतरवून ठेवत नाही.

परवा मालकांनी, बू घानेमनी, कपाटातून
आजोबांची वही काढली.
आजोबा नाखुदा. म्हणजे आपल्याकडचा नाखवाच,
फक्त जाळ्याऐवजी माणसं पाण्यात सोडणारा.
मदरशात शिकलेली अरबी मला अक्षरापुरती येते,
अर्थ मालकांनी सांगितला.
पाणबुड्या मसऊद. उचल : तांदूळ, खजूर, कॉफी, दोर.
हंगाम संपला. मोती निघाले,
बाकी त्याहून जास्त निघाली.
पुढच्या हंगामात आधी ती बाकी पाण्यात उतरली,
तिच्यामागून मसऊद.
मग एका पानावर शाई बदलते.
मसऊद वारला.
रकाना तोच, नाव पोराचं.

पुढे जपानहून पिकवलेले मोती आले, भाजीसारखे,
वाळूखाली तेल सापडलं,
वही कपाटात गेली.
बघ, अक्षर किती सुंदर, मालक म्हणाले.
खरंच सुंदर होतं.
मी रकाने मोजत होतो. सात.
माझ्याकडे नऊ आहेत.

मी राहतो कॅम्पातच, चौदा नंबरला.
रात्री भिशी असते. भिशी म्हणजे जेवण,
आणि भिशी म्हणजे बारा जणांचे महिन्याला वीस वीस दिनार.
दोन्हीला एकच शब्द का, ते मला इथं येऊन कळलं.
या महिन्याची चिठ्ठी बिस्व तामाङची निघाली.
त्यानं पाकीट येल्लप्पाच्या ताटाजवळ सरकवलं
आणि हात धुवायला उठला,
बराच वेळ धूत राहिला.
कुणीतरी मला विचारलं, सहा दिवस तू कापलेस?
मी म्हटलं, मशीननं.
मग कुणी आमटी वाढायला विसरलं, कुणी मुद्दाम वाढली.

आई सांगायची, कर्ज सावकाराचं, उसनं शेजाऱ्याचं.
कर्ज फिटलं की माणूस सुटतो,
उसनं फिटूच द्यायचं नसतं.
साखर आणलीस? वाटीत कोकमं घालून दे.
मग त्यांना काहीतरी पाठवावं लागतं.
बाणकोटात आमच्या आणि म्हसकरांच्या दारांत
अशी एक पितळी वाटी एकोणीस वर्षं फिरत होती.
मूळची कुणाची, दोन्ही घरं विसरली होती.
केळसकर सरांच्या फळ्यावर
तिला ठिपका कुठं दिला असता?

येल्लप्पाची स्टीलची वाटी माझ्याकडे आहे.
मागच्या जुम्म्याला चिंचेचा भात दिला होता त्यानं.
घासून, पुसून खिडकीत ठेवलीये.
रिकामी देता येत नाही.
आणि जे भरून द्यायचं
ते मीच वजा केलंय.

आज पहाटे फाटकात कुणी नसताना
मी माझा अंगठा ठेवून पाहिला.
गुळगुळीत, कागदावर वाढलेला.
पहिल्याच खेपेला म्हणालं,
धन्यवाद.